कार्लिनचं खरं वर्ष कुठलं: १९७२ की १९९२?

फाटका खिसा | शुक्र, २१:१४

शिव्यांवरच्या धाग्यात काल एकाने ठोकून दिलं की जॉर्ज कार्लिन म्हणजे टीव्हीवर चालत नाहीत असे सात शब्द म्हणून मोठा झालेला शिवराळ बाबा, पुढे काही नाही. तिथे अवांतर वाढायला लागलं म्हणून हा वेगळा धागा.

माझं मत आधी टाकतो, मग फोडा. १९७२ने त्याला नाव दिलं. पण कारागीर म्हणून तो पूर्ण तयार झाला १९९२मध्ये, 'जॅमिन इन न्यूयॉर्क'च्या त्या एका तासात. मधली वीस वर्षं तालीम समजा.

नवख्यांसाठी थोडक्यात: अमेरिकी एकपात्री विनोदकार, जन्म १२ मे १९३७, मॅनहॅटन. हवाई दलात रडारवर, मग रेडिओ, मग जोडीदाराबरोबर क्लब, मग एकटा. १९७७ ते २००८ एचबीओ या पैसे भरून घ्यायच्या केबल वाहिनीवर चौदा कार्यक्रम. पाच ग्रॅमी. जून २००८मध्ये विनोदासाठीचा मार्क ट्वेन पुरस्कार जाहीर झाला आणि आठवड्याच्या आत, २२ तारखेला, माणूस गेला.

प्रश्न दोन. एक, खरं वळण कुठलं? दोन, हा माणूस दर दोन-अडीच वर्षांनी तासाभराचा नवा माल उभा कसा करायचा?

ते सात शब्द इथे लिहू नका. धागा वाचनमात्र झाला तर मी जबाबदार नाही.

ताकभात | शुक्र, २१:२०

सात शब्द न लिहिता कार्लिनवर धागा. मीठ न घालता लोणचं घालण्यासारखं. बसलोय पाट मांडून.

लाल शाई | शुक्र, २१:४८

दोन्ही वर्षं चूक. वळण १९७०चं आहे.

साठच्या दशकातला कार्लिन काढून बघा. दाढी नाही, केस चापून बसवलेले, सूट-टाय. एड सुलिव्हनच्या कार्यक्रमात घराघरात चालणारा, पोरंबाळं मांडीवर घेऊन बघावा असा. सगळा माल पात्रांचा: ठार तारेत असलेला हवामानवाला अल स्लीट, ज्याचा रात्रीचा अंदाज 'अंधार' असा असायचा, बडबड्या क्रीडा-वार्ताहर, 'वंडरफुल वायनो' नावाच्या खोट्या रेडिओ केंद्राचा निवेदक. १९६७ची 'टेक-ऑफ्स अँड पुट-ऑन्स' ही तबकडी म्हणजे हाच सगळा ऐवज.

अडचण अशी की वयाच्या तिशीत तो चाळिशी-पन्नाशीतल्या लोकांना हसवत होता आणि त्याच्या वयाचे लोक बाहेर रस्त्यावर युद्धाविरुद्ध उभे होते. १९७०मध्ये लास वेगासच्या फ्रंटियर हॉटेलने भाषेवरून त्याला काढलं. पैसा चांगला होता, तो गेला. मग दाढी, केस, जीन्स, आणि कॉलेजं नि कॉफीहाउसं. या पडतीतूनच जानेवारी १९७२ची 'एफएम अँड एएम' आली. नावातच सगळं आहे: एका बाजूला एएम रेडिओछाप जुना कार्लिन, दुसऱ्या बाजूला एफएमवाला नवा. जुन्या गिऱ्हाइकाला हात धरून नव्या दुकानात नेलं आणि मग जुनं दुकान बंद केलं. व्यवसाय म्हणून बघितलं तर याहून हुशार तबकडी त्याने काढलेली नाही.

'क्लास क्लाउन', म्हणजे सात शब्दांची, त्याच वर्षी पुढे सप्टेंबरात. ती फळ आहे, बी नव्हे.

कोरा कागद | शुक्र, २२:०५

लाल शाई, +१. पण रेडिओ गाळू नका हो.

लुइझियानात बार्क्सडेल तळावर असतानाच तो शेजारच्या श्रेव्हपोर्टमध्ये केजेओई केंद्रावर तबकड्या वाजवायचा. रेडिओत दोन सवयी अंगात मुरतात. गाणं सुरू होण्याआधीच्या बारा सेकंदांत बारा सेकंदांचंच बोलायचं, तेरा नाही. आणि समोर चेहरा नसताना बोलायचं, म्हणजे हसू शब्दांतूनच काढावं लागतं. त्याचे नंतरचे कार्यक्रम डोळे मिटून ऐकले तरी ऐंशी टक्के पोचतात. (टक्के अंदाजपंचे. वकीलबाई पकडतील म्हणून आधीच सांगून ठेवतो.)

जोडीदार म्हणजे जॅक बर्न्स. दोघं रेडिओतलेच. १९६०मध्ये कॅलिफोर्नियात गेले, १९६२मध्ये जोडी फुटली, भांडण न होता.

त्याच वर्षी डिसेंबरात शिकागोच्या 'गेट ऑफ हॉर्न' क्लबात लेनी ब्रूस या बेधडक विनोदकाराला पोलिसांनी मंचावरून उचललं. कार्लिन प्रेक्षकांत होता. पोलिसांनी ओळखपत्र मागितलं, याने नाही म्हटलं, यालाही गाडीत बसवलं. ब्रूसबरोबर एकाच गाडीत. वळण-वळण म्हणताय तर हे घ्या.

ताकभात | शुक्र, २२:०९

१९६२, १९७०, १९७२, १९९२. वळण नाही, खंडाळ्याचा घाट आहे.

वकीलबाई डोंबिवली | शुक्र, २२:५२

सात शब्दांच्या खटल्याबद्दल नेहमी होणारे घोटाळे एकदाचे निस्तरून टाकते.

पहिला घोटाळा: दोन वेगळी प्रकरणं एकात मिसळतात. २१ जुलै १९७२ला मिलवॉकीच्या समरफेस्टमध्ये त्याला अटक झाली, गुन्हा सार्वजनिक गैरवर्तनाचा. तिथे कर्णे लावलेले, मैदानात मुलाबाळांसह कुटुंबं. डिसेंबरात न्यायाधीशांनी प्रकरण काढून टाकलं: भाषा असभ्य खरी, पण गडबड-गोंधळ कुठे झाला? यात सर्वोच्च न्यायालयाचा काही संबंध नाही.

दुसरा: सर्वोच्च न्यायालयात गेलं ते रेडिओचं प्रकरण, आणि त्यात कार्लिन पक्षकारच नव्हता. ३० ऑक्टोबर १९७३, दुपारी दोन वाजता, न्यूयॉर्कच्या डब्ल्यूबीएआय केंद्राने भाषेविषयीच्या एका कार्यक्रमात त्याचा सुमारे बारा मिनिटांचा तुकडा वाजवला, तोही 'क्लास क्लाउन'मधला नव्हे, नंतरच्या 'ऑक्युपेशन: फूल'मधला. आधी सूचनाही दिली होती. एका गृहस्थाने मुलाबरोबर गाडीत ऐकलं आणि काही आठवड्यांनी केंद्रीय दळणवळण आयोगाला पत्र लिहिलं. केंद्राची मालकी पॅसिफिका फाउंडेशनची, म्हणून खटला आयोग विरुद्ध पॅसिफिका.

तिसरा: दंड झाला नव्हता. आयोगाने परवान्याच्या फायलीत नोंद ठेवली, पुढच्या नूतनीकरणावर टांगती तलवार. अपील न्यायालयात आयोग हरला, ३ जुलै १९७८ला सर्वोच्च न्यायालयात ५ विरुद्ध ४ ने जिंकला.

चौथा आणि सगळ्यात महत्त्वाचा: न्यायालयाने हे 'अश्लील' आहे असं म्हटलं नाही. अश्लीलतेला कामवासना चाळवणं लागतं, इथे तसं काही नव्हतं. 'असभ्य' म्हटलं. म्हणजे छापायला हरकत नाही, तबकडी विकायला हरकत नाही, नाट्यगृहात म्हणायला हरकत नाही. पण मुलं ऐकत असण्याच्या वेळी आकाशवाणीच्या लहरींवर नको, कारण रेडिओ विचारता घरात शिरतो. तिथे रात्री १० ते सकाळी ६ ही जी मोकळीक पुढे बसली तिची मुळं यातच.

आणि हो, न्यायालयाने तो अख्खा तुकडा निकालपत्राला परिशिष्ट म्हणून जोडला.

ताकभात | शुक्र, २२:५५

म्हणजे ज्या शब्दांची बंदी, ते सरकारी खर्चाने छापून ग्रंथालयात? पायरेटेड प्रत मिळेना तर निकालपत्र मागवावं.

वकीलबाई डोंबिवली | शुक्र, २२:५८

*'विचारता' नव्हे, 'न विचारता'. संपादनाची वेळ गेली. एका 'न'ने निकाल उलटा होतो तो असा.

फाटका खिसा | शुक्र, २३:१०

वकीलबाई, दंडवत. पण मग मुद्दा माझ्याकडेच झुकतो ना? तो पक्षकारही नव्हता, म्हणजे १९७२-७८ची सगळी कीर्ती दुसऱ्याच्या वकिलांनी दिलेली.

लाल शाई | शुक्र, २३:२१

झुकत नाही. ब्रूसशी ताडून बघा. ब्रूसला १९६४मध्ये न्यूयॉर्कच्या कॅफे ओ गो गो प्रकरणात शिक्षा झाली, चार महिने. तो खटल्यात इतका बुडाला की शेवटच्या काळात मंचावर न्यायालयाची कागदपत्रं वाचून दाखवायचा. लोक विनोद ऐकायला यायचे आणि उलटतपासणी ऐकून जायचे. ऑगस्ट १९६६मध्ये गेला. राज्यपालांनी माफी दिली डिसेंबर २००३मध्ये, सदतीस वर्षं उशिरा.

कार्लिनने खटला वकिलांवर सोडला, स्वतः नवा माल लिहिला. बाण लागला की माणूस तिथेच खाजवत बसतो, आणि प्रक्षोभक बोलणारे बरेच जण तसेच संपतात. तिथून हलता येणं हीच याची करामत.

टेपरेकॉर्डर | शनि, ०९:३०

प्रश्न दोनकडे कोणी बघतच नाहीये. सकाळी सकाळी घेतो.

आधी एक गैरसमज: 'कार्लिन दरवर्षी नवा तास करायचा.' नाही. एचबीओच्या चौदांपैकी १९९७चा ॲस्पेनचा कार्यक्रम चाळीस वर्षांचा आढावा होता, जॉन स्टुअर्टच्या मुलाखतीसह. उरले तेरा. १९७७ ते २००८ एकतीस वर्षं. सरासरी अडीच वर्षं पडते. पण सरासरीवर जाऊ नका, १९८४, ८६, ८८, ९०, ९२ ही रांग बघा. घड्याळ लावल्यासारखी दोन वर्षं. आणि उलट, १९७८ ते ८२, १९९२ ते ९६, २००१ ते ०५ अशी तीन चार-चार वर्षांची खिंडारं. पहिल्यात हृदयविकार आणि कोकेन, दुसऱ्यात फॉक्सवरची मालिका (सत्तावीस भाग, मग बंद).

आता कृती.

१. सुचलं की लगेच कागदावर. हाताला लागेल तो चिटोरा. ही सवय रेडिओपासूनची. वाक्य पूर्ण नसलं तरी चालेल, शब्द पुरे.

२. चिटोरे विषयवार फायलींत. झिपच्या प्लास्टिक पिशव्यांतही. पुढे संगणकावर, पण रचना तीच. त्याचा हा कागदपत्रांचा ढीग आता न्यूयॉर्क राज्यातल्या जेम्सटाउनच्या नॅशनल कॉमेडी सेंटरकडे आहे.

३. वरचे कप्पे तीन: इंग्रजी भाषा, लहान जग, म्हणजे कुत्री, फ्रीजमधलं उरलंसुरलं, विमानातल्या सूचना, आणि मोठं जग, म्हणजे युद्ध, धर्म, मृत्यू, पैसा. फाईल जाड झाली की विषय पिकला. बारीक राहिली तर पडू दे, घाई नाही. काही फायली दहा-दहा वर्षं पडून असत.

४. मग लेखन. सलग, शब्दन्‌शब्द. हा मंचावर सुचेल तसं बोलणारा गडी नव्हता. संहिता पाठ, श्वास कुठे घ्यायचा तेसुद्धा ठरलेलं.

५. नवा तुकडा जुन्या, चाललेल्या कार्यक्रमाच्या पोटात घालायचा. सुरुवातीला नाही, शेवटाला तर नाहीच. पडला तर मागचा-पुढचा जुना माल सावरून घेतो. मंचावर कागद घेऊन जायला त्याला कधी लाज वाटली नाही.

६. नवा तुकडा बसला की तेवढ्याच वजनाचा जुना बाहेर. असं करत दीड-दोन वर्षांत सगळा तास बदललेला असतो. गावोगावचे दौरे म्हणजे प्रयोगशाळा, एचबीओ म्हणजे छापील आवृत्ती. छापली की तो माल संपला.

बिघडतं कुठे? पाचव्या पायरीवर. नवशिके नवा तुकडा पहिल्याच मिनिटाला टाकतात. प्रेक्षक अजून खुर्ची सरकवत असतात, तुकडा थंड पडतो, आणि मग चांगला तुकडा वाईट म्हणून कचऱ्यात जातो.

मांडवीकाठ | शनि, १०:०२

टेपरेकॉर्डर, वाचनखूण साठवली. सहाव्याला एक पुरवणी. सगळंच टाकत नव्हता. बेसबॉल आणि फुटबॉलचा तुकडा घ्या. ११ ऑक्टोबर १९७५ला 'सॅटर्डे नाइट लाइव्ह'चा पहिलावहिला भाग झाला, सूत्रधार हाच, त्यात तो तुकडा होता. १९८४च्या 'कार्लिन ऑन कॅम्पस'मध्ये परत आहे. दोन्ही लागोपाठ ऐका. पहिल्यात मुद्दे सुटे. दुसऱ्यात जोड्या लावलेल्या, बेसबॉल मऊ आवाजात, फुटबॉल कवायतीच्या आवाजात. दोन खेळांची तुलना राहतच नाही, एका बाजूला बाग आणि दुसऱ्या बाजूला छावणी उभी राहते. नऊ वर्षांत विनोद बदलला नाही, लय बदलली.

चिमटा | शनि, ११:१५

सगळे आरत्या ओवाळताय म्हणून एक उलटा सूर.

१९९६नंतरचा कार्लिन मला विनोदकार वाटत नाही, कीर्तनकार वाटतो. 'यू आर ऑल डिसीज्ड' (१९९९) मधला धर्मावरचा भाग बघा. लोक हसत नाहीत, टाळ्या वाजवतात. हसू आवरत नाही म्हणून येतं, टाळी ठरवून वाजते. ज्याला आधीच पटलेलं आहे तोच वाजवतो. मग प्रक्षोभ कसला? आपल्याच गल्लीत येऊन शेजारच्या गल्लीला शिव्या.

टेपरेकॉर्डर | शनि, ११:४०

चिमटा, निम्मं मान्य. पण उदाहरण चुकलं. २००१चा दहा आज्ञांचा भाग घ्या. दहाच्या दोन करतो. कशा? फुकटचे शेरे न मारता एकेक आज्ञा उचलून: या दोन सारख्याच, जोडा, ही त्यातच आली, काढा, हिच्यात नुसता विचार करण्यालाही बंदी, ही तर अर्थव्यवस्थेच्या मुळावर, काढा. संपादकाची लाल पेन्सिल. ज्याला पटत नाही त्यालाही गणित मोजत बसावं लागतं. ही रचना कीर्तनाची नाही, हिशेबनिसाची आहे.

मोठा विषय विनोदाने पेलायचा तर खाली असा सांगाडा लागतो: यादी, बेरीज-वजाबाकी, जोड्या. सांगाडा नसला की प्रवचन होतं. २००५च्या 'लाइफ इज वर्थ लूझिंग'मध्ये शेवटाकडे तसं झालंय, तिथे तुम्ही बरोबर.

कोरा कागद | शनि, ११:४४

कीर्तनकार ही शिवी कधीपासून झाली? पूर्वरंग, उत्तररंग, मध्ये चिमटे, शेवटी डोळे पुसायला लावायचे. एवढं जमलं तर एचबीओ दारात येईल.

एडिसनची वहिनी | शनि, १९:२५

इकडे सकाळ झाली, सगळं आत्ता वाचलं.

सांगाड्यावरून १९९०चा मऊ भाषेचा भाग आठवला. 'डूइन इट अगेन'मधला. युद्धात सैनिकाच्या मेंदूचं जे होतं त्याला पहिल्या महायुद्धात 'शेल शॉक' म्हणत. उच्चाराचे अवयव मोजा: दोन. दुसऱ्यात 'बॅटल फटीग', चार. कोरियाच्या वेळी 'ऑपरेशनल एग्झॉशन', आठ. व्हिएतनामनंतर 'पोस्ट-ट्रॉमॅटिक स्ट्रेस डिसऑर्डर', आठच, पण वर एक संयोगचिन्ह. तो नुसतं मोजतो. शब्द लांबत जातो तसं दुखणं आत पुरलं जातं, हे सांगायला त्याला विशेषण लागत नाही. या मोजणीत एकही शिवी नाही, आणि माझ्या मते त्याचा सगळ्यात जहाल तुकडा हाच.

मराठीत करून बघा. दुष्काळ: तीन अक्षरं. दुष्काळसदृश परिस्थिती: दहा.

ताकभात | शनि, १९:३१

लोडशेडिंग → भारनियमन. अंधार तेवढाच.

भानामती वर्धा | शनि, १९:४०

काय राजेहो, विहीर कोरडी तं कोरडी. तिले 'टंचाईसदृश' म्हटल्यानं पोहरा भरून येते का?

लाल शाई | शनि, १९:४४

मुंबईत पाणी 'तुंबत' नाही, 'साचतं'. क्रियापद बदललं की रेल्वे सुरू होत असावी.

वकीलबाई डोंबिवली | शनि, २०:०३

हा भाग आवडत असला तरी एक सावधगिरी. प्रत्येक लांब शब्द लपवण्यासाठी नसतो. 'शेल शॉक' म्हणत होते तेव्हा भ्याड म्हणून गोळ्या घातलेले सैनिकही होते. निदान म्हणून नाव लागलं, १९८०मध्ये अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या अधिकृत यादीत आलं, तेव्हा व्हिएतनामवाल्यांना उपचार आणि भरपाई मागायला आधार मिळाला. कार्लिनचं म्हणणं नेमकं उलट: नाव तसंच कठोर ठेवलं असतं तर काहींना लक्ष वेळेवर मिळालं असतं. विनोद म्हणून चोख, इतिहास म्हणून लंगडा.

एडिसनची वहिनी | शनि, २०:१२

हे पटलं.

मांडवीकाठ | शनि, २०:५०

आपल्याकडे याच्या जवळ कोण, हा प्रश्न कोणी विचारायच्या आधी: पुलं नव्हेत. 'बटाट्याची चाळ' एकपात्री खरी, पण तिथे एक माणूस अख्खी चाळ होतो. कार्लिनने १९७०नंतर पात्रं टाकली आणि 'मी'च्या अंगाने बोलला. रचना उलट. बतावणीही नव्हे, तिला समोर सवाल टाकणारा लागतो. रामदास फुटाण्यांची भाष्यकविता, 'भारत कधी कधी माझा देश आहे'सारखे कार्यक्रम, हे जास्त जवळचं: प्रतिज्ञेतलं एक वाक्य घ्यायचं, त्यात दोन शब्द घुसवायचे, झालं. पण फुटाणे विधान परिषदेत जाऊन आले. कार्लिन मतदानालाही जात नव्हता आणि त्यावरही त्याने तुकडा केला.

वकीलबाई डोंबिवली | शनि, २१:१५

आणि कायद्याची वाटही वेगळी. तिथे बोलून झाल्यावर अडवतात. इथे नाटकाची संहिता आधी रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे जाते. वसंत दत्तात्रेय गुर्जरांची 'गांधी मला भेटला' ही कविता १९९४मध्ये बँक कर्मचारी संघटनेच्या अंकात छापली गेली, अश्लीलतेचं कलम २९२ लागलं, सर्वोच्च न्यायालयाचा निकाल मे २०१५मध्ये आला. ज्या संपादकाने माफी छापली होती तो सुटला. कवीने खटल्याला सामोरं जावं असं सांगितलं. पॅसिफिकात विचारलं गेलं, 'कोणत्या वेळी?' इथे विचारलं गेलं, 'कोणाच्या तोंडी?' ऐतिहासिक, आदरणीय व्यक्तीच्या तोंडी घातलं की कसोटी आणखी कडक.

शंकासुर | रवि, ०८:१०

कार्लिनचा तो लेख कोणाकडे आहे का? 'आपली घरं मोठी झाली, कुटुंबं लहान झाली' वगैरे? बायको गेल्यावर लिहिलेला. फार हृदयस्पर्शी आहे, मराठी अनुवादही फिरतोय.

टेपरेकॉर्डर | रवि, ०८:२२

तो त्याचा नाही हो. सिएटलच्या बॉब मूरहेड नावाच्या धर्मोपदेशकाचा, नव्वदच्या दशकातला. कार्लिनने स्वतःच्या संकेतस्थळावर कानावर हात ठेवले होते आणि लेखाला नावंही ठेवली होती. पत्नी ब्रेंडा मे १९९७मध्ये गेली एवढं खरं, बाकी शेपूट कोणीतरी जोडलंय. ओळखायची खूण सोपी: 'आज कोणालातरी मिठी मारा' असा शेवट असेल तर तो कार्लिन नव्हे.

ताकभात | रवि, ०८:२५

इकडे वपु आणि नाना, तिकडे कार्लिन आणि मॉर्गन फ्रीमन. न लिहिलेल्यांचं समग्र साहित्य काढा.

चिमटा | रवि, ०९:०५

मेल्यावर त्याच्या तोंडी घालणं आता पुढच्या पायरीवर गेलंय. जानेवारी २०२४मध्ये एका पॉडकास्टवाल्यांनी कृत्रिम बुद्धिमत्तेचा म्हणून त्याच्या आवाजातला तासाभराचा कार्यक्रम सोडला. वारसांनी दावा लावला, एप्रिलमध्ये तडजोड होऊन काढून टाकला. गंमत म्हणजे दावा लागल्यावर त्यांच्याच बाजूने सांगण्यात आलं की संहिता माणसानेच लिहिलेली. म्हणजे नक्कल यंत्राची, आणि यंत्राचीही नक्कल माणसाने केलेली. मी वर टीका केली असली तरी त्या तासात आणि खऱ्या कार्लिनमधला फरक दोन मिनिटांत कळतो: श्वासच नाही. 'मॉडर्न मॅन' ऐका, २००५चा, सुरुवातीचा. अडुसष्टाव्या वर्षी जाहिरातींतले नि संगणकातले शब्द यमकांत बांधून साडेतीन मिनिटं न अडखळता.

लाल शाई | रवि, ०९:४०

फाटका खिसा, तुमच्या १९९२ला एक गोष्ट देतो. तो तास विनोदकार सॅम किनिसनला अर्पण केलेला आहे, जो पंधरा दिवसांपूर्वीच, १० एप्रिलला, अपघातात गेला होता. किनिसनसारखे मोठ्याने बोलणारे आल्यावर आपला आवाज चढवावा लागला हे कार्लिननेच सांगितलेलं आहे. रचनाही बघा: आखाती युद्धाने सुरुवात, म्हणजे मोठं जग, मध्ये लहान जग, विमानातल्या सूचनांतली एकेक इंग्रजी चूक, मग पुन्हा मोठं, बेघरांसाठी गोल्फची मैदानं, शेवट पृथ्वीवर, तिला काही होणार नाही, जाणार आपण. टेपरेकॉर्डरचे तीनही कप्पे, आणि एकेक पायरी वर. असं आधी जमलं नव्हतं. तेवढं मान्य.

पण करदेणं विसरू नका. सत्तरीत हिशेब ठेवले नाहीत, करखात्याचं देणं चढत गेलं, फेडायला सुमारे दोन दशकं लागली. १९८४-९२ची ती घड्याळी शिस्त नुसती कलेची नव्हती.

फाटका खिसा | रवि, १०:३०

सगळं वाचून रात्री परत उजळणी केली, आणि मत बदलतोय. माझंही चूक, लाल शाईंचंही.

वर्ष १९७७.

वकीलबाईंनी सांगितलं, बंदी लहरींवर होती, कारण त्या न विचारता घरात शिरतात. एचबीओ पैसे भरून, तार ओढून, मागून घ्यावं लागतं. आयोगाचा तो नियम तिथे लागूच नाही. पहिला कार्यक्रम दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठातला, १९७७. सात शब्दांच्या भागाआधी चित्र गोठवून पडद्यावर सूचना, ज्यांना नको त्यांनी आता बंद करा. म्हणजे १९७८ला न्यायालयात हरायच्या वर्षभर आधीच त्याला अशी जागा सापडली होती जिथे तो निकाल पोचत नव्हता. ब्रूसला ती मिळाली नाही. ती नसती तर टेपरेकॉर्डरच्या सहाव्या पायरीतली 'छापील आवृत्ती' कुठे काढणार होता? वेगासला? तिथून तर हाकललं होतं.

टेपरेकॉर्डर | रवि, १०:४४

हे बसतंय. आणि एचबीओलाही तेव्हा असाच माणूस हवा होता, जो टीव्हीवर दिसूच शकत नाही. तरच लोक महिन्याचे पैसे भरणार.

लाल शाई | रवि, १०:५१

१९७०वरून हलत नाही. पण १९७७ वाईट नाही.

शंकासुर | रवि, ११:००

कुठून सुरुवात करू? लेखाचं लाजिरवाणं झालं, आता खरं काहीतरी ऐकतो.

मांडवीकाठ | रवि, ११:१८

१९९०चा मऊ भाषेचा भाग आधी, इंग्रजी सावकाश आहे. मग १९९२ पूर्ण. मग मागे जाऊन 'एफएम अँड एएम', दोन्ही बाजू. २००१चा 'कम्प्लेंट्स अँड ग्रीव्हन्सेस' नंतर, आणि तो बघताना लक्षात ठेवा की ९ आणि १० सप्टेंबरला वेगासमध्ये त्याने जो तास ध्वनिमुद्रित केला होता तो माणसं मोठ्या संख्येने मरण्याच्या आवडीवर होता. दुसऱ्या दिवशी काय झालं ते माहीतच आहे. नाव बदललं, शेवट काढला, दोन महिन्यांत वेगळा तास उभा केला. जोडकाम कुठे कुठे दिसतं. सर्वांत शेवटी 'इट्स बॅड फॉर या', १ मार्च २००८, सांता रोझा. त्यानंतर चार महिनेही नव्हता.

मुलांना 'थॉमस'च्या आगगाडीच्या गोष्टी दाखवत असाल तर नव्वदच्या दशकातल्या अमेरिकी आवृत्तीत निवेदन कार्लिनचंच आहे. ते बिनधास्त लावा.

ताकभात | रवि, ११:२५

धागाकर्ते, शीर्षकात १९७७ घाला की आता.

फाटका खिसा | रवि, ११:४०

संपादनाची वेळ गेली म्हणतंय. वकीलबाईंच्या 'न'सारखंच राहू दे.